पोळपाट, पाट आणि लाकडी नंदी: घरातल्या वस्तूंतून २० सेकंदांची अ‍ॅनिमेशन फिल्म

तान्हा पोळा आटोपला की नागपुरातल्या पुष्कळ घरांत एक लाकडी नंदी मागे उरतो. पोरांनी त्याच्या शिंगांना रंगीत कागद लावलेला असतो, गळ्यात घुंगरू बांधलेलं असतं, दोरीने ओढत गल्लीभर फिरवून बोजारा (घरोघरी पोरांना मिळणारी खुशी) गोळा केलेला असतो. मग तो वर्षभरासाठी आलमारीवर जातो. घरातल्या वस्तूंचं अ‍ॅनिमेशन शिकायचं असेल तर पहिला नट म्हणून त्यालाच खाली काढा. त्याला चाकं आहेत, बऱ्यापैकी वजन आहे, तोंड कुठल्या बाजूला आहे ते लांबूनही कळतं. आणि त्याला पायरी उतरता येत नाही. हा शेवटचा गुण सगळ्यांत मोलाचा, कारण आपली गोष्ट त्यातूनच निघणार आहे.

या लेखात नंदी, पोळपाट आणि एक संत्रं घेऊन २० सेकंदांची फिल्म पहिल्या विचारापासून शेवटच्या आवाजापर्यंत कशी करायची ते सांगतो आहे. तुमच्या घरी नंदी नसेल तर चाकांची दुसरी कुठलीही वस्तू चालेल. पद्धत तीच राहील.

पद्धतीला स्टॉप मोशन म्हणतात. वस्तू किंचित हलवायची, हात बाजूला घ्यायचा, फोटो काढायचा. पुन्हा किंचित हलवायची, पुन्हा फोटो. सिनेमात सेकंदाला २४ चौकटी धावतात. आपण सेकंदाला १२ फोटो काढू आणि प्रत्येक फोटो दोन चौकटी दाखवू. डोळ्याला तेवढं पुरतं, मेहनत निम्मी होते, आणि हाताने केलेल्या हालचालीची थोडी खरखर राहते ती मला तरी हवीशी वाटते. २० सेकंद म्हणजे २४० फोटो. दोन रात्री निवांत बसलात तर होतील.

आपल्याकडे हे काम सिनेमाइतकंच जुनं आहे. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) करण्याआधी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेक चौकट घेत टिपली होती. पुढे १९१५च्या सुमारास ‘आगकाड्यांची मौज’मध्ये त्यांनी काडेपेटीतल्या काड्या हलत्या केल्या. कॅनडात नॉर्मन मॅकलॅरेन यांनी १९५७ साली एका साध्या लाकडी खुर्चीवर छोटी फिल्म केली: माणूस बसायला जातो आणि खुर्ची बसू देत नाही. तिचं संगीत रविशंकर यांचं आणि तबला चतुरलाल यांचा. त्या खुर्चीला डोळे नाहीत, तोंड नाही, तरी ती रुसलेली कळते. आपल्याला नेमकं हेच साधायचं आहे.

आधी वस्तू ओळखा

नवीन माणूस पहिल्यांदा बाजारातून प्लास्टिकचे डोळे आणून वस्तूवर चिकटवतो. ते करू नका. डोळे लावले की पोळपाटाचं कार्टून होतं आणि पाहणाऱ्याची नजर त्या डोळ्यांवरून हलत नाही. लाकूड, वजन, कडा, वर्षानुवर्षं लाटून गुळगुळीत झालेला मधला भाग, हे सगळं दिसेनासं होतं. वस्तूचा स्वभाव तिच्या घडणीत आणि तिच्या रोजच्या कामात असतो. तो शोधायला कॅमेरा लागत नाही.

प्रत्येक वस्तू जमिनीवर ठेवा आणि तिच्याशी थोडा वेळ खेळा. ढकला, तिरपी करा, कडेवर उभी करा, सोडून द्या. ती कुठे टेकते? कुठल्या बाजूला घरंगळते? कुठे अडते? पडताना आवाज कसा करते, आणि पडल्यावर लगेच गप्प होते की डुगडुगत राहते? हे वहीत लिहा. लाटणं दोनच दिशांना जाऊ शकतं, आणि त्याचं एक टोक दुसऱ्यापेक्षा जाड असेल तर ते सरळ न जाता वळसा घेतं. त्याला तुम्ही हट्टी म्हणा किंवा भरकटलेलं म्हणा, स्वभाव तयार आहे. सांडशीला जबडा आहे. सराटा (उलथनं) स्वतःच्या पायावर कधीच उभा राहू शकत नाही, त्याला कोणाचा तरी आधार लागतो. गंजावरचं (पातेल्यावरचं) झाकण आतून वाफ आली की थरथरतं, म्हणजे गंज बोलू शकतो. केरसुणी सगळ्यांच्या मागून चालते आणि सगळ्यांचं आवरते.

पोळपाट जरा नीट पाहा. बहुतेक पोळपाटांना खाली तीन पाय असतात. त्यामुळे तो ओबडधोबड जागेवरही डुगडुगत नाही. घरातला सगळ्यांत शांत, भरवशाचा माणूस म्हणून तो शोभतो. पण तोच कडेवर उभा केला की चाकासारखा घरंगळतो, आणि तिरपा टेकवला की उतार होतो. आपल्या फिल्ममध्ये त्याचे हे तीनही गुण वापरायचे आहेत.

मग एकच प्रश्न विचारा: या वस्तूला काय हवं आहे आणि तिच्या घडणीतलं काय आडवं येतं? नंदीला खाली ठेवलेलं संत्रं हवं आहे. तो उंचावर आहे आणि चाकं पायरी उतरू शकत नाहीत. पोळपाट उतार होतो. नंदी उतरतो, संत्र्यापाशी जातो. संपली गोष्ट. २० सेकंदांत याहून जास्त कोंबायला जाऊ नका.

वेळेची आखणी

कागदावर सहा चौकोन काढा आणि प्रत्येकाखाली सेकंद लिहा.

पहिले २ सेकंद काहीच हलत नाही. पाटावर नंदी, खाली डावीकडे पोळपाट, उजवीकडे संत्रं. पाहणाऱ्याला घर ओळखू द्या.
२ ते ६: नंदी कडेपर्यंत येतो, पुढची चाकं हवेत जातात, तो थांबतो, मागे सरतो.
६ ते ८: नंदी स्तब्ध. पोळपाट जागच्या जागी थोडा फिरतो.
८ ते १३: पोळपाट कडेवर उभा राहतो, घरंगळत येतो, पाटाला टेकून तिरपा होतो.
१३ ते १६: नंदी पुन्हा कडेला येतो, विचार करतो, उतरतो.
१६ ते २०: नंदी संत्र्यापाशी पोहोचतो, संत्र्याची साल उलगडते.

एकावर एक ठेवलेले दोन लाकडी पाट आपला उंचवटा होतील. दोन्ही मिळून ११ सेंटिमीटरच्या आसपास उंची आणि पोळपाट २५ सेंटिमीटरचा असेल तर उतार साधारण २६ अंशांचा होतो. दिसायला उतार वाटतो आणि नंदी उलटत नाही. नंदी पोळपाटापेक्षा पुरेसा अरुंद आहे ना, ते आत्ताच पाहून घ्या.

हंगाम आणि जागा

नागपुरात हे काम नोव्हेंबर ते फेब्रुवारीत करावं. उन्हाळ्यात पारा ४५च्या वर गेला की कूलरशिवाय खोलीत बसवत नाही, आणि कूलरच्या वाऱ्यासमोर कागद, दोरा, घुंगरू यांपैकी काहीच जागेवर राहत नाही. चिकटवायचं मेण मऊ पडतं. तासन्‌तास कॅमेरा सुरू ठेवलेला फोन तापून स्वतःहून स्क्रीन मंद करतो किंवा कॅमेरा बंद करतो. पावसाळ्यात लाइटचा भरवसा कमी आणि ढगांमुळे खिडकीतला उजेड सतत बदलता. थंडीत पंखाही लागत नाही. शिवाय आंबिया बहाराची संत्री तेव्हाच बाजारात असतात.

नंदी मात्र पोळ्याआधीच घ्या, तेव्हा हाताएवढ्यापासून कमरेएवढ्यापर्यंत सगळ्या मापांचे मिळतात. आपल्याला वीतभर उंचीचा पुरे. चाकं मोकळी फिरतात का हे दुकानातच पाहा. काही नंदींची चाकं नुसती खिळ्याने ठोकलेली असतात आणि फिरताना लचकतात.

जागा म्हणून जमीन निवडा. टेबल हलतं. तुमचा गुडघा लागला तरी हलतं आणि ते २०० फोटो झाल्यावर कळतं. फरशी हलत नाही. भिंतीपासून हातभर पुढे मांडणी करा आणि मागे एकरंगी चादर किंवा जुनी साडी ताणून लावा. त्यावर ठळक नक्षी नको. घरच्यांना आधी सांगून ठेवा की दोन दिवस हा कोपरा झाडायचा-पुसायचा नाही.

कॅमेरा

फोन पुरे. ट्रायपॉडचे पाय चिकटपट्टीने फरशीला पक्के करा आणि पायांभोवती पेन्सिलीने खुणा करा, म्हणजे धक्का लागलाच तर परत त्याच जागी आणता येईल. फोनची उंची नंदीच्या डोळ्यांइतकी ठेवा. वरून पाहिलं की तो खेळणं दिसतो, त्याच्या पातळीवरून पाहिलं की बैल दिसतो.

अ‍ॅप म्हणून ‘स्टॉप मोशन स्टुडिओ’ची मोफत आवृत्ती सुरुवातीला चालते. त्यात आधीची चौकट पुसट दिसते, तिच्यावरून वस्तू किती सरकली ते कळतं. सेकंदाला १२ चौकटी ठेवा. मग फोकस, उजेडाची मात्रा आणि रंगाचा समतोल, ही तीनही कुलूपबंद करा. फोन स्वतःहून दर फोटोला उजेड ठरवू लागला की फिल्म लुकलुकते, आणि हा दोष नंतर काढणं फार कष्टाचं असतं. अ‍ॅपमध्ये ही सोय नसेल तर फोनच्या कॅमेऱ्यातला प्रो मोड वापरा: आयएसओ १००, शटर १/२५ किंवा १/५०. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. या वेगांना त्या हेलकाव्यांची पूर्ण संख्या बसते आणि पट्टे येत नाहीत. वस्तू स्थिरच असल्यामुळे शटर याहून हळू ठेवलं तरी बिघडत नाही. एचडीआर, सौंदर्य वाढवणारे मोड, रात्रीचा मोड, सगळं बंद.

फोटो काढताना फोनला बोट लावायचं नाही. बऱ्याच फोनमध्ये वायरच्या इअरफोनचं आवाज वाढवायचं बटण शटरचं काम करतं. नाहीतर बर्डीत (नागपूरच्या सीताबर्डी बाजारात) मोबाईलच्या दुकानांत छोटा ब्लूटूथ रिमोट मिळतो. फोन विमान मोडवर टाका. रिमोट वापरत असाल तर ब्लूटूथ तेवढं पुन्हा सुरू करा. मध्येच फोन वाजला आणि थरथरला तर चौकट सरकते.

उजेड

खिडकी झाकून टाका. दिवसाचा सूर्य सरकतो आणि सावल्या त्याच्यासोबत सरकतात. तासाभराचं काम पडद्यावर चार-पाच सेकंदांत दिसतं, तेव्हा ती सावली जमिनीवरून धावत जाते. रात्री दहानंतर काम सगळ्यांत बरं.

दोन दिवे पुरतात. मुख्य दिवा एका बाजूने, वस्तूंच्या वर साधारण ४५ अंशांवर. त्याच्यासमोर बटर पेपर धरला की सावलीची कड मऊ होते. दुसऱ्या बाजूला दिवा नको असेल तर पांढरा पुठ्ठा उभा करा, तो उजेड परत फेकतो. पोळपाटाच्या लाकडाचा पोत दिसायला दिवा जितका आडवा तितका चांगला. समोरून मारलेला उजेड सगळं सपाट करतो.

गडद, बिनचमकीचे कपडे घाला आणि दर फोटोच्या वेळी एकाच जागी थांबा. पांढरा सदरा घालून तुम्ही पुढे-मागे झालात तर तुमच्यावरून परतणारा उजेड बदलतो. स्टीलची भांडी पहिल्या फिल्ममध्ये घेऊच नका. त्यांत तुम्ही, दिवा, कॅमेरा सगळे दिसता. पुढे घ्यायचीच झाली तर कॅमेऱ्यासमोर काळं कापड टांगून त्याला लेन्सपुरतं भोक पाडावं लागतं. लाकूड, माती, काळा लोखंडी तवा, वेताचं सूप ही मंडळी उजेड शांतपणे झेलतात.

आधार

अ‍ॅनिमेशनमधला निम्मा वेळ वस्तू पडू नये याची सोय करण्यात जातो, आणि तो वेळ आनंदाने द्यावा. स्टेशनरीच्या दुकानात ब्लू टॅक मिळतो. तो चिकट, मऊ गोळा पुन:पुन्हा वापरता येतो आणि सहसा डाग सोडत नाही. कणीक वापरायचा मोह होतो, पण ती तासाभरात वाळते आणि मुंग्या येतात.

नंदी उतारावर असताना प्रत्येक मागच्या चाकापुढे कॅमेऱ्याला न दिसणाऱ्या बाजूने ब्लू टॅकची गोळी दाबा. नंदीची पुढची चाकं हवेत जातात तेव्हा मागच्या भागावर वजन हवं: पोटाखाली मागच्या बाजूला दोन-तीन जड नट-बोल्ट चिकटवले की तो उलटत नाही.

पोळपाट कडेवर उभा राहतो तेव्हा त्याच्या पाठीशी खलबत्ता ठेवा आणि दोन्हींच्या मध्ये ब्लू टॅकचा गोळा. कॅमेऱ्याला पोळपाटाची रुंद बाजू दिसते, खलबत्ता तिच्या मागे लपतो. दर चौकटीला दोघांना सोबत सरकवा. रुंद वस्तू पुढे असली की आधार मागे, हा नियम कायम कामी येतो. वस्तू खरोखरच हवेत न्यायची असेल तर लोखंडी बाइंडिंग वायरचे चार-पाच पदर पिळून दांडी करा, खाली वजन बांधा आणि नंतर संगणकावर ती दांडी पुसा. त्यासाठी रिकाम्या मांडणीचा एक फोटो आधीच काढून ठेवावा लागतो. आपल्या फिल्मला याची गरज नाही, तरी तो रिकामा फोटो काढाच.

हालचाल

इथे घाई करू नका. यंत्र एकाच वेगाने सरकतं. जिवंत गोष्ट हळू सुरू होते, वेग घेते, हळू थांबते. नंदीला पाटावर एका सेकंदात १२ सेंटिमीटर न्यायचं आहे. बारा फोटोंत दर वेळी १ सेंटिमीटर सरकवलं तर तो पट्ट्यावर ठेवलेल्या पेटीसारखा जाईल. त्याऐवजी मिलिमीटरमध्ये असं सरकवा: २, ४, ८, १२, १६, १८, १८, १६, १२, ८, ४, २. बेरीज तीच १२० मिलिमीटर. पाटाच्या मागच्या कडेला, चौकटीबाहेर, कागदाची पट्टी चिकटवून त्यावर या खुणा आधीच करून घ्या. प्रत्येक फोटोला अंदाज लावत बसावं लागत नाही.

चाकं विसरू नका. चाकाचा व्यास ४ सेंटिमीटर असेल तर परीघ साडेबारा सेंटिमीटरच्या आसपास. म्हणजे या एका सेकंदात चाक जवळजवळ एक पूर्ण फेरी घेतं, आणि १८ मिलिमीटरच्या टप्प्यात सुमारे ५२ अंश फिरतं. नंदी उचलून ठेवलात तर चाक फिरत नाही आणि तो घसरल्यासारखा दिसतो. खाली टेकवूनच ढकला. चाक फिरल्याचं पाहणाऱ्याला कळावं म्हणून चाकावर रंगाचा एक ठिपका द्या.

आता कड. नंदी कडेपाशी येतो, पुढची चाकं हवेत जातात. इथे आठ फोटो तो तसाच ठेवा. थांबणं म्हणजे वेळ वाया घालवणं नव्हे. पाहणारा याच वेळात नंदीच्या मनात शिरतो. पूर्ण स्तब्ध ठेवलं तर फिल्म अडकल्यासारखी वाटते, म्हणून गळ्यातलं घुंगरू वापरा. नंदी थांबल्यावर घुंगरू पुढे झुकतं, मागे येतं, पुन्हा किंचित पुढे, आणि चौथ्या-पाचव्या फोटोला स्थिर होतं. धाग्यावर मेणाचा ठिपका लावून ते प्रत्येक स्थितीत धरून ठेवता येतं. शरीर थांबल्यावरही जे हलत राहतं त्याने वजन दिसतं. मग मागे सरताना आधी दोन फोटो २-२ मिलिमीटर पुढे आणि नंतर मागे. कुठलीही मोठी हालचाल करण्याआधी उलट दिशेला छोटी हालचाल दिली की ती वस्तूने स्वतः ठरवून केल्यासारखी वाटते.

पोळपाट नंदीकडे कसा पाहणार? पोळपाटाच्या वरच्या बाजूला एखादा डाग, गाठ किंवा चीर असते. तिलाच त्याचं तोंड समजा. ती गाठ सुरुवातीला नंदीच्या विरुद्ध दिशेला असू द्या. नंदी घाबरून मागे सरला की पोळपाट दहा फोटोंत अर्धा फिरून गाठ नंदीकडे आणतो. मग सहा फोटो काहीच नाही. पाहणाऱ्याला वाटतं, याने पाहिलं. दोन वस्तूंमधलं नातं या अशा थांबण्यातून घडतं. दोन्ही वस्तू एकाच वेळी हलवू नका. एक हलते तेव्हा दुसरीने ऐकावं.

पोळपाट उभा राहायला वेळ घेऊ द्या, तो जड आहे. घरंगळताना गाठही परिघासोबत फिरली पाहिजे: २५ सेंटिमीटर व्यासाचा पोळपाट एका फेरीत ७८ सेंटिमीटरच्या आसपास जातो. आपल्याला पाव फेरीच लागेल. पाटावर टेकताना शेवटच्या क्षणी वेग कमी करू नका. आदळू द्या. आदळल्यानंतरच्या पहिल्या फोटोत पोळपाट ३ मिलिमीटर वर, दुसऱ्यात जागेवर. पहिल्याच फोटोत पाटावरचा नंदीही १ मिलिमीटर उचला. एका वस्तूचा धक्का दुसरीला लागला की दोघी एकाच जगात राहतात.

उतार. गुरुत्वाकर्षणाखाली येणारी वस्तू दर चौकटीला १, ३, ५, ७ या विषम प्रमाणात अंतर वाढवते. अशा उतारावर खरा नंदी सोडला तर तो चार फोटोंतच खाली येईल, पहिल्यात दीड सेंटिमीटर. ते इतकं भरकन होतं की पाहणाऱ्याच्या हाती काही लागत नाही. म्हणून ५ मिलिमीटरपासून सुरू करा: ५, १५, २५, ३५, ४५, ५५, ६५. सात फोटोंत साडेचोवीस सेंटिमीटर. प्रमाण निसर्गाचं, वेग नाट्याचा. आधी कडेवर दोन-तीन वेळा १ मिलिमीटरने पुढे-मागे करून त्याची भीती दाखवा. खाली आल्यावर वेग लगेच संपवू नका. फरशीवर ४०, २५, १५, ८, ४, २ असा विरू द्या.

रोज काम थांबवताना शेवटच्या चौकटीनंतर सगळं जसंच्या तसं ठेवा, आणि दुसऱ्या दिवशी पहिला फोटो काढण्याआधी पुसट चौकटीवर मांडणी जुळवून घ्या.

संत्रं

नागपुरी संत्र्याची साल सैल असते, फोडींपासून सहज सुटते. त्यामुळे ती पाकळीसारखी उलगडता येते. इथे वस्तू हलवण्याऐवजी बदलायची आहे. एकाच आकाराची चार-पाच संत्री घ्या. पहिलं अखंड, दुसऱ्याला देठापासून लहान चिरा, तिसऱ्याच्या साली थोड्या मोकळ्या, चौथ्याच्या अर्ध्या खाली, पाचवं पूर्ण उघडं. एकेक करून त्याच जागी ठेवत जा, प्रत्येकाचे दोन-तीन फोटो घ्या. एकाच संत्र्याची साल हळूहळू उलगडूनही होतं, पण दिव्याच्या उबेने साल वाळून वळते आणि रंग उतरतो. म्हणून संत्र्याचा भाग सगळ्यांत शेवटी आणि सलग उरका.

याच युक्तीने चुलीचा जाळही होतो: सालीचे सात-आठ निमुळते तुकडे कापा आणि दर फोटोला वेगळा तुकडा, वेगळ्या क्रमाने ठेवा. क्रम ठरावीक ठेवला तर जाळ खोटा वाटतो. साबुदाण्यातून वाहणारं पाणी, तुरीच्या डाळीतून सांडलेली पिवळी हळद, एकाच्या आत एक बसणाऱ्या डब्यांच्या संचातून मोठा होत जाणारा डबा, हे पुढच्या फिल्मसाठी.

आवाज

चित्र तयार झाल्यावर आवाज घ्या, आणि याच वस्तूंचा घ्या. इंटरनेटवरचे तयार आवाज लगेच ओळखू येतात. रात्री पंखा-फ्रिज बंद करून फोन वस्तूपासून वीतभर अंतरावर ठेवा. चाकं पाटावर, चाकं पोळपाटावर, चाकं फरशीवर, हे तीन आवाज वेगळे आहेत आणि फिल्ममध्ये वेगळेच ऐकू यायला हवेत. पोळपाट आदळतो तो ठोका पाच-सहा वेळा, वेगवेगळ्या जोराने घ्या. संत्र्याची साल सुटतानाचा ओला, बारीक फाटल्यासारखा आवाज जवळून घेतला तर तो सगळ्यांत जिवंत येतो. शेवटी नुसत्या खोलीचा मिनिटभर आवाज घ्या. तो खाली अंथरला की बाकीचे आवाज कापून चिकटवल्यासारखे वाटत नाहीत.

ठेका धरून काम करायचं असेल तर ते चित्रीकरणाआधी ठरवा. मिनिटाचे फोटो ७२०. त्या ७२० ला मिनिटातल्या ठोक्यांनी भागा. तेवढ्या फोटोंनी एक ठोका येतो. १२० ठोक्यांच्या लयीला ६ फोटो, ९० ला ८, ७२ ला १०. आदळणं, थांबणं, वळणं या ठोक्यांवर बसवलं की वाद्याशिवायही ताल जाणवतो.

जोडणी

अ‍ॅपमधूनच व्हिडिओ निघतो. जास्त हातात ठेवायचं असेल तर फोटो संगणकावर घेऊन केडेनलाइव्ह किंवा दा विंची रिझॉल्व्हच्या मोफत आवृत्तीत क्रमाने लावा, टाइमलाइन २४ची, प्रत्येक फोटो दोन चौकटी. मूळ फोटो वेगळ्या फोल्डरमध्ये जपून ठेवा, त्यांना हात लावू नका. एखादा फोटो काढून टाकला किंवा दोनदा वापरला तर वेळ बदलतो, आणि पुष्कळदा तेवढ्याने थांबणं जमून येतं. ठोक्याचा आवाज आदळण्याच्या चौकटीवर ठेवून पाहा, मग एक चौकट अलीकडे सरकवून पाहा. कानाला पटेल ते ठेवा. शीर्षकाला दोन सेकंद पुरे.

मग फिल्मचा आवाज बंद करा आणि ज्याने तुम्हाला काम करताना पाहिलं नाही अशा कोणाला तरी, शक्यतो लहान मुलाला आणि आजीला, वेगवेगळी दाखवा. एकच विचारा: नंदीला काय हवं होतं? उत्तर संत्रं आलं, तर पुढचं विचारा: पोळपाटाने मदत केली की तो आपोआप पडला? आपोआप पडला असं म्हणाले तर ६ ते ८ सेकंदांमधलं वळून पाहणं कमी पडलं आहे. तेवढाच भाग, तीच मांडणी लावून, पुन्हा चित्रित करा. गाठ नंदीकडे आल्यावरचे फोटो सहाऐवजी दहा करा.